किमोनोच्या घेरातल्या मुठी

“बाई, तोंड इकडे वर आहे. कॅमेरा खाली कुठे धरलाय?” बाहुलीची मान सावरत इसोगाईने विचारले.

मी कॅमेरा तसाच खाली ठेवला. माहितीपट करताना विचारायचे नाही, बोलायचे नाही, नुसते बघायचे, हा माझा नियम. बासरीवाल्यावर आणि ढोल मढवणाऱ्यावर मी अशाच फिल्म केल्या. जपानमधल्या अवाजी बेटावरच्या या बाहुली मंडळीत आले ती इसोगाईसाठी. एक बाहुली तिघे मिळून नाचवतात. मान आणि उजवा हात इसोगाईचा, डावा हात दुसऱ्याचा, पाय किसाबुरोचे. महिनाभरात माझी नजर घसरली ती थेट पायांवर.

खरे तर बाईच्या बाहुलीला पाय नसतातच. किमोनोच्या घेरात किसाबुरोच्या दोन मुठी असतात. वय एकोणसत्तर, त्यातली एकेचाळीस वर्षे कमरेत वाकून, तोंडावर काळा बुरखा ओढून गेलेली. दोनदा पायांवरून हातावर बढती आली, दोन्हीदा हा नको म्हणाला. आता पाठीने संप पुकारला होता. उद्याचा खेळ शेवटचा.

“उद्या तरी आत येऊन बघ,” तो बायकोला म्हणाला.

ओतोसे नाट्यगृहाच्या दारात चहा विकायची. बारा वर्षांपूर्वी कांद्याच्या शेडमध्ये शिडीवरून पडली, तेव्हा शेत सुटले. लोकांसमोर ती फारशी उठत नसे; गिऱ्हाईकच किटलीपाशी येई.

“आणि किटल्या कोण सांभाळणार, तुमची बाहुली?” ती म्हणाली. “वाकलेला माणूस काय बघायचा? घरी बघतेच की, मोजे शोधताना.”

किसाबुरो हसला, पण त्याचा चेहरा उतरला. आपले काम तिने एकदा तरी पाहावे, एवढेच त्याला हवे होते. ती येत नाही तर खेळ तिच्यापुढे नेऊ, असे मी मनाशी ठरवले.

शेवटच्या प्रवेशात हरवलेल्या लेकीला शोधत आई बर्फातून टेकडी चढते. ती सगळी चढण मी किमोनोच्या काठावर कॅमेरा रोखून टिपली. नंतर फिल्म जुळवताना मात्र मी तो तुकडा पुन्हापुन्हा लावून पाहिला. डावे पाऊल दरवेळी किंचित मागे राहत होते.

“मूठ थकली हो दादांची,” शेजारी बसून बघणारा इसोगाई हळहळला. “एवढं काढून टाका. अब्रू राहील त्यांची.”

मी नियम मोडला आणि किसाबुरोला विचारले, “काढू का?”

“हात लावू नका,” तो म्हणाला. “ते पाऊल बसवायला नऊ वर्षं लागलीत मला.”

गावच्या सभागृहात फिल्म दाखवली, तेव्हा ओतोसेला पुढे बसवले. पडद्यावर आई टेकडी चढू लागली. उजवे पाऊल, जरा थांबून डावे. ओतोसे खुर्चीत पुढे सरकली.

“अगं बाई! ही तर मी!” ती मोठ्याने म्हणाली. “माझी चाल उचललीत होय? विचारलंत तरी का मला?”

“विचारलं असतं तर तू नीट चालायला लागली असतीस,” मागून किसाबुरो म्हणाला.

सभागृह हसून हसून दमले. नियमाचा तोरा मी मिरवत होते, आणि हा गडी तोच नियम इतकी वर्षे पाळत आला होता.

फिल्म संपल्यावर ओतोसे चहा ठेवायला उठली. भिंतीकडेने न जाता ती सगळ्यांच्या मधून निघाली, उजवे पाऊल, जरा थांबून डावे. इसोगाई बाजूला झाला आणि तिला वाट देऊन कमरेत वाकला.