सात माणसांची पहिली फेरी

शनिवारी सकाळी नऊपर्यंत मायरिगने अकरा फोन केले होते आणि त्यातून त्याला साडेचार माणसं मिळाली होती. अर्धा म्हणजे खाटीक हेविन. तो "बघतो" म्हणाला होता. पेंट्रेवेर्न गावात "बघतो" म्हणजे नाही. पण हेविनचं बायकोशी आदल्या दिवशी चांगलंच वाजलं होतं, त्यामुळे तो घराबाहेर पडेल अशी थोडी आशा होती.

संघात नावं नोंदवलेली एकोणीस. त्यातले दोघे तेनेरिफला ऊन खायला गेलेले, तिघे कारखान्यात पाळीवर, एकाच्या सासूचा सत्तरावा वाढदिवस. उरलेल्यांपैकी कुणाचं पोट दुखत होतं, कुणाचा फोनच लागत नव्हता. गेल्या वर्षी नऊ जण जमले होते, त्याच्या आदल्या वर्षी दहा. हे कुठे जाऊन थांबणार हे सांगायला ज्योतिषी नको होता. फुटबॉलचा नियम असा की सातपेक्षा कमी माणसं असली तर सामना सुरूच होत नाही, आणि खेळता खेळता सहा उरले तर तिथेच आटोपतो. मायरिगला सात हवे होते. जिंकायला नव्हे. जिंकण्याचं पेंट्रेवेर्नने कधीच मनावर घेतलं नव्हतं.

विन-पॅरी चषक सुरू केला तो पाटीच्या दगडाच्या एका खाणमालकाने, पहिलं महायुद्ध संपल्यावर. कामगारांनी शनिवारी दारू पिण्याऐवजी खेळावं असा त्याचा उदात्त हेतू होता. कामगारांनी दोन्ही केलं. तेव्हा खोऱ्याखोऱ्यांतून बेचाळीस संघ उतरायचे. मग खाणी बंद पडल्या, रेल्वे गेली, पोरं शहरांकडे गेली आणि संघ एकेक करून गळाले. आता अकरा उरलेत. पण जिल्हा समिती अजून दरवर्षी पुस्तिका काढते आणि तीत पहिल्या वर्षापासूनचे सगळे निकाल असतात. जो संघ मैदानात आला नाही किंवा मध्येच सोडून गेला, त्याच्या नावापुढे 'माघार' छापतात. शंभर वर्षांत हा शब्द सगळ्यांच्या वाट्याला आला, चषक आठ-आठदा नेलेल्यांच्याही. पेंट्रेवेर्नच्या वाट्याला एकदाही नाही. सत्तेचाळीसच्या बर्फात रस्ते बंद होते तर ते डोंगर चढून पलीकडे गेले, नऊ-शून्य असे हरले आणि चालत परत आले. गावाला याचा फार अभिमान. गाव म्हणजे आता मुख्यतः नेस्टाबाई.

नेस्टाबाई एक्याऐंशी वर्षांच्या. नवरा गेल्यापासून, म्हणजे सदतीस वर्षं, संघाच्या चिटणीस त्याच. लहान संघांना रेषेवर निशाण धरायला आपलाच माणूस द्यावा लागतो, तो माणूसही त्याच. आणि मायरिगच्या त्या सासू. त्यांची मुलगी मारेद, मायरिगची बायको, चार वर्षांपूर्वी गेली. तेव्हापासून सासू-जावयात फुटबॉलखेरीज दुसरा विषय निघाला नव्हता. मारेदचं नाव दोघांनीही काढलं नव्हतं. अळीमिळी गुपचिळी.

खरं सांगायचं तर मायरिगला फुटबॉलचा वीट आला होता. वय अठ्ठेचाळीस, आठवडाभर नगरपालिकेची लॉरी चालवायची आणि शनिवारी सुजका गुडघा बांधून गोलात उभं राहायचं. पण दर जुलैत नेस्टाबाई चषकाचा प्रवेशअर्ज भरून त्याच्यापुढे ठेवायच्या. म्हातारीला जगात दुसरं आहेच काय, असं मनात म्हणून तो सही करायचा.

दोनच्या सामन्याला पाच मिनिटं कमी असताना मायरिग धरून सहा जण झाले. हेविन आला होता, डोळे लाल करून. डोंगरावरच्या गोठ्यातले दोघे भाऊ, गेथिन आणि केरी, दूध काढायच्या वेळेपर्यंतच थांबणार होते. सातवे आले चॅपलचे पाद्री एल्विन. वय छप्पन्न. त्यांचं नाव कधीतरी सद्भावना म्हणून नोंदवलेलं होतं. ते सरळ दफनविधीवरून आले, काळा कोट काढून खुंटीला लावला आणि विचारलं की आपण कुठल्या बाजूला गोल मारायचाय. मायरिग म्हणाला की त्याची काळजी करू नका, तो प्रश्न येणार नाही.

समोर आबेरमाउरची अकरा धडधाकट पोरं आणि बाकावर आणखी पाच. मध्यंतरापर्यंत सात-शून्य झालं. चहा हातात आला तोच गेथिनचा फोन वाजला. गाय अडली होती आणि बाप घरी ये म्हणत होता. गेथिन बुटाची नाडी सोडायला लागला. नेस्टाबाईंनी फोन त्याच्या हातातून घेतला आणि बापाला ऐकवलं की तुझ्या गाई गेथिन जन्माला यायच्या आधीही व्यायच्या, तेव्हा तो नव्हता तिथे. पलीकडून काय उत्तर आलं कुणाला कळलं नाही. गेथिनने नाडी पुन्हा बांधली.

साठाव्या मिनिटाला मायरिग डावीकडे झेपावला आणि त्याच्या गुडघ्यात काहीतरी तुटलं. तो चिखलात पडून राहिला. रेफरी वाकून म्हणाला, "उभा राहू शकतोस का सांग. नाहीतर मी शिट्टी वाजवतो. तुम्ही सहाच उरता."

मायरिगने खांबाला धरून स्वतःला वर ओढलं. पाय टेकवताच डोळ्यांपुढे काजवे चमकले. पलीकडच्या रेषेवर नेस्टाबाई निशाण खाली सोडून त्याच्याकडे बघत होत्या. मायरिगला वाटलं, आता आपण बसलो तर हिची शंभर वर्षं बसली. त्याने रेफरीला सांगितलं की चालू दे.

पुढची तीस मिनिटं तो खांबाला टेकून उभा होता. आबेरमाउरची पोरं वाईट नव्हती, त्यांना दया आली. ती मुद्दाम चेंडू बाहेर मारायला लागली. असं तीनदा झाल्यावर मायरिगच्या डोक्यात तिडीक गेली.

"ए, गोल मारायचे तर नीट मारा," तो ओरडला. "भीक नकोय."

मग त्यांनी नीट मारले. चौदा-शून्य. शेवटची शिट्टी वाजली तेव्हा पाद्रीबुवा मध्यभागी गुडघे टेकून बसले होते आणि ते प्रार्थनेसाठी नव्हतं. दोघे भाऊ कपडेही न बदलता गाडीत बसून गेले. हेविन घरी जायचं टाळत पाहुण्यांसोबत पबकडे वळला.

कपडे बदलायच्या पत्र्याच्या खोलीत मायरिग बाकावर पाय लांब करून बसला. नेस्टाबाईंनी गोठवलेल्या मटारची पिशवी त्याच्या गुडघ्यावर ठेवली, चहाचे कप धुतले, मग टेबलाशी बसून समितीला पाठवायच्या कागदावर निकाल लिहिला. पेंट्रेवेर्न शून्य, आबेरमाउर चौदा.

"पुढच्या वर्षी गोलात दुसरा कुणी शोधावा लागेल," मायरिग म्हणाला. "मी उभा राहू शकेन असं वाटत नाही."

"पुढच्या वर्षी?"

"तुम्ही अर्ज भरालच ना."

"तू सही करणार असशील तर भरीन."

"मी कधी नाही म्हटलंय?"

नेस्टाबाईंनी पेन खाली ठेवलं. "एकदा म्हणायचं होतंस रे बाबा. चार वर्षं मी त्याचीच वाट बघतेय."

मायरिगला काही उमजेना. त्या खाली बघूनच बोलत राहिल्या. "त्या पहिल्या हिवाळ्यात तू दिवे न लावता घरात बसायचास. मी खिडकीतून बघायचे. मला वाटलं, शनिवार तरी सुटू नये याचा. चार माणसांना फोन करावे लागतील, चार शिव्या द्याव्या लागतील. म्हणून अर्ज भरत गेले, नाहीतर चिटणीसपण तेव्हाच सोडणार होते. मला त्या फुटबॉलचं काय करायचंय? थंडीत रेषेवर उभं राहून माझी कंबर गेली."

"आणि मी तुमच्यासाठी फोन करत होतो," मायरिग म्हणाला. "मला वाटलं, तुमच्याकडे दुसरं काही उरलं नाही."

"उरलं नाहीच. पण म्हणून चौदा गोल?"

मायरिगला राग आला. गेलेल्या गुडघ्याचा, चार वर्षांच्या शनिवारांचा, म्हातारीचा आणि स्वतःचाही. तो मोठ्याने काही बोलणार होता, पण राग टिकवायलाही अंगात बळ लागतं आणि ते कुठे उरलं होतं? बाहेर कुणाच्या तरी गाडीचं दार लागलं, आणि मग मैदानावर कुणीच राहिलं नाही.

"मारेदला हे फुटबॉल मुळीच आवडायचं नाही," तो अखेर म्हणाला.

ते नाव ऐकून नेस्टाबाईंनी मान वर केली. मग म्हणाल्या, "तुझ्याबद्दल तिने पहिल्यांदा घरी सांगितलं तेव्हा काय म्हणाली ठाऊक आहे? माणूस बरा आहे आई, शनिवार तेवढा वाया."

मायरिगला हसू फुटलं, आणि हसता हसताच तो रडायला लागला. चिखलाच्या हातांनी त्याने तोंड झाकलं. नेस्टाबाईंनी त्याला रडू दिलं. त्यांनाही रडायचं होतं, पण दोघांनी एकदम रडून चालणार नव्हतं.

बऱ्याच वेळाने त्याने बाहीला नाक पुसलं आणि विचारलं, "आणखी काय म्हणाली होती?"

नेस्टाबाईंनी निकालाचा कागद बाजूला सारला, खुर्ची जवळ ओढली आणि सांगायला सुरुवात केली.