शेजारच्या बैलाचे दात

तानाबाई टीव्हीवर रडली त्या दिवसापासून जिजाबाईच्या पोटात दुखत होतं. ओवा खाऊन जाणारं ते दुखणं नव्हतं.

दोघी सख्ख्या जावा, जिजाबाई थोरली अन् तानाबाई धाकटी. नालवाडीत एकाच अंगणात मधे भिंत घालून दोघींनी दोन चुली मांडल्या होत्या. दोघींचे नातू एकाच मालवाहू जहाजावर कामाला होते. ते जहाज आखातातल्या एका देशाने अडवून ठेवलं होतं. जहाजाने मच्छीमारांच्या नावेला धडक दिली अन् ते न थांबता पळालं, असं त्या देशाचं म्हणणं. खरं काय ते बातम्या पाहणाऱ्या सगळ्यांनाच ठाऊक होतं. जहाजाच्या मालकाच्या देशाने आखातातल्या त्या देशाचं तेलाचं जहाज आधीच धरून ठेवलं होतं. तुम्ही आमचं सोडा, मग आम्ही तुमचं सोडतो, एवढीच गोष्ट. पण ती तोंडाने बोलायची कोणाची तयारी नव्हती. एक कायद्याचं नाव घेई, दुसरा समुद्राच्या नियमाचं, अन् या दोघांच्या भांडणात नालवाडीची पोरं तिकडे उन्हात बसली होती.

दुःख दोघी जावांचं सारखं होतं. टीव्हीवर मात्र एकीचंच दिसलं. नागपूरच्या चॅनलची वर्षाली नावाची पोरगी आली ती आधी तानाबाईच्या दारात शिरली. तानाबाईने डोक्यावर पदर घेतला, नातवाचा फोटो छातीशी धरला अन् अशी रडली की हिंगणघाटच्या सोयऱ्यांचेही फोन आले. तिचा रजत जहाजावर स्वयंपाक्याच्या हाताखाली कांदे चिरतो. अन् अंकित, जिजाबाईचा नातू, इंजिनात. कांदे चिरणाऱ्यासाठी जिल्हा रडतो अन् इंजिनवाल्याला कोणी पुसत नाही, हे जिजाबाईला कसं खपावं? तिने पोरीला हाताला धरून भिंतीच्या अलीकडे आणलं, नवी साडी नेसली अन् कॅमेऱ्यापुढे बसली.

"रजत बिचारा कांदे चिरते," ती म्हणाली. "जहाज तं आमचा अंकित चालवते. त्याच्या हुकमाशिवाय जहाज हालत नाई. कप्तानही त्याले इचारूनच काय ते करते."

अंकित जहाजावर सगळ्यात नवखा. तेल पुसायचं, मापाचे काटे कुठवर गेले ते बघायचं अन् वरच्याला सांगायचं, एवढंच त्याचं काम. जिजाबाईला ते माहीत होतं. पण तानाबाई भिंतीपलीकडून ऐकत होती, तिथे एवढंसं सांगून कसं भागेल?

मग एक दिवस त्या देशाने सदिच्छा म्हणून थोडी पोरं सोडली. त्यात रजतचं नाव होतं, अंकितचं नव्हतं. तानाबाईने पेढे पाठवले. जिजाबाईने ते हातात घेतले, बरं झालं म्हणाली अन् आतल्या फळीवर ठेवून दिले. त्यांना मुंग्या लागल्या तरी तिने ते कोणाला खाऊ दिले नाहीत.

दुसऱ्या दिवशी दिल्लीहून परराष्ट्र खात्याच्या एका साहेबांचा फोन आला. अंकितचा बाप मुकेश, मोठ्यांपुढे तोंड न उघडणारा माणूस. त्याने फोनचा आवाज मोठा करून आईसमोर धरला. साहेब शांतपणे बोलले. तुमची मुलाखत तिकडच्या चॅनलने खाली त्यांच्या भाषेत लिहून दाखवली, म्हणाले. हाताखालची पोरं त्यांनी सोडली. ज्यांनी जहाज चालवलं त्यांच्यावर खटला भरणार आहेत. आम्ही सांगतो अंकित नवखा आहे, तर ते म्हणतात, त्याची आजी तर वेगळंच सांगते.

फोन ठेवल्यावर मुकेश आईकडे पाहत राहिला. तो बोलला असता तर जिजाबाईला बरं वाटलं असतं, उलटून बोलता आलं असतं.

हिंगणघाटच्या बैलबाजारात जिजाबाईचं नाव होतं. नवरा लवकर गेला, तेव्हापासून घरची जोडी तीच घेऊन यायची. ज्या बैलावर आपला डोळा, त्याच्या पाठीवर हात ठेवायचा नाही. त्याच्या शेजारच्या बैलाचे दात बघायचे, त्याच्या खुराला नाव ठेवायचं, अन् जाता जाता, हे कसलं जनावर, म्हणून आपल्यावाल्याकडे मान वळवायची. व्यापारी तिला बघून हसायचे अन् हसता हसता फसायचे. अशा बाईने भर बाजारात आपलाच बैल लाखमोलाचा म्हणून ओरडून सांगितला होता. अन् ते कशापायी? भिंतीपलीकडच्या बाईने ऐकावं म्हणून.

"माय, साहेबानं सांगतलं, काई बोलाचंच असन तं खरं बोला," मुकेश शेवटी म्हणाला.

खरं बोलायला हरकत नव्हती. पण कॅमेरा होता तानाबाईच्या अंगणात. रजत त्या दिवशी घरी आला होता, मांडव टाकला होता, वर्षाली तिथेच उभी होती. जिजाबाईला मांडवात यायचं बोलावणं होतं, पण ती जाणार नव्हती. ती गेली. साधं लुगडं नेसून गेली. लोक बाजूला झाले.

तिने वर्षालीला म्हटलं, मागच्या बारीला मी बोलली ते घमेंडीनं बोलली. ते पुसून हे दाखव. मग कॅमेऱ्याकडे पाहून म्हणाली, "आमचा पोरगा इंजिनात तेल पुसते. त्याच्या हाताखाली कोणी नाई, तोच साऱ्यायच्या हाताखाली. त्याले कोणी काई इचारत नाई. जहाज कोणं चालवलं, कुठं धडकलं, त्याले खालून दिसतही नाई."

मांडवात कोणीतरी हसलं. जिजाबाईने मान वळवली नाही. तिला फक्त तानाबाईचं तोंड दिसत होतं, अन् त्या तोंडावर तीस वर्षांची वाट पाहणं संपल्यासारखं सुख होतं.

"बाई खरं बोलून राह्यल्या," तानाबाई पुढे येऊन म्हणाली. कॅमेरा तिच्याकडे फिरला. "आमचा रजत सांगते ना, अंकितले जेवाले कोणी बलावतही नव्हतं. उरलंसुरलं रजतच काढून ठेवे त्याच्यासाठी."

खरं की खोटं देव जाणे. रजत खाली मान घालून बसला होता. पण याहून चांगली साक्ष दिल्लीचा वकीलही देऊ शकला नसता. ते जिजाबाईच्या लगेच ध्यानात आलं अन् त्यानेच ती जास्त जळाली. आपण अर्धं सांगितलं, हिने पूर्ण केलं. आता पोरगा सुटला तरी नाव हिचंच होणार. तरीही तिने मान हलवली, हो म्हणाली. हो म्हणताना दातांखाली खडा आल्यासारखं झालं.

पुढे त्या तेलाच्या जहाजाची सुटका झाली. कोणी कोणासाठी सोडलं नाही, असं दोन्ही देशांनी सांगितलं. आठवडाही गेला नाही अन् उरलेली पोरं माणुसकी म्हणून सोडल्याची बातमी आली. जहाजासाठी जहाज, एवढाच तो सौदा. जिजाबाईला तो पहिल्याच बातमीत कळला. पण नालवाडीत म्हणायचे, तानाबाईनं वाचवलं गा पोराले. जिजाबाई कुठल्या तोंडाने नाही म्हणणार? तानाबाईच्या बोलण्याने काही झालं नाही म्हटलं, तर आपण मांडवात जाऊन मान खाली घातली तीही फुकट गेली, असंच झालं असतं.

वर्ध्याच्या स्टेशनावर अंकित उतरला तेव्हा तानाबाई सगळ्यांच्या पुढे उभी होती. पोरगा वाकला तो आधी तिच्याच पायावर. थोरली मागे आहे हे त्याच्या ध्यानातच आलं नाही. मग तो आजीच्या पाया पडला. जिजाबाईने त्याचं तोंड दोन्ही हातांत धरलं, डोळे, गाल, हात, सगळं चाचपून पाहिलं. कुठे काही कमी नव्हतं.

"बाई, आता तं खूश ना?" तानाबाईने विचारलं.

"खूश आहो," जिजाबाई म्हणाली. अन् अंकितची पिशवी मुकेशच्या खांद्यावर देऊन तिने हळूच विचारलं, "तानाबाई, थोरलीच्या पुढं उभं राहाची रीत तुमच्या माहेरी आहे का?"

पोरगा घरी आला होता. आता भांडायला काही हरकत नव्हती.