मला हलवायचं कारण

मित्रांनो, पिचित गावातल्या एका अंगणात खांबावर उभा असलेला मी एक जुना सिमेंटचा देव्हारा आहे. आमच्याकडे जागेच्या राखणदार देवाला असं वेगळं घर बांधून देतात, माणसांना स्वतःचं परवडो न परवडो. रस्त्याकडेच्या कारखान्यात मी साच्यातून निघालो. प्रायोंग मावशीच्या नवऱ्याने नेमकं मलाच निवडलं, कारण माझ्या छपराचा टवका उडालेला होता आणि मी स्वस्त होतो.

सुरुवातीची वर्षं सुखाची गेली. नूडल्सची गाडी लावण्याआधी मावशी मला फुलांची माळ घाली. गिऱ्हाईक आलं तर श्रेय मला मिळे, नाही आलं तर दोष पावसाला. इतकी सोयीची नोकरी सहसा मिळत नाही.

पुढे तिच्या नवऱ्याने घर तारण ठेवून किमसेंग शेठकडून ट्रकसाठी कर्ज काढलं आणि दोन वर्षांत तो वारला. मावशी हप्ते भरत राहिली. एक दिवस कोर्टाचं समन्स आलं. मावशीने ते माझ्या पायरीवर ठेवलं, उदबत्ती लावली आणि म्हणाली, "आता तूच बघ."

मी बघितलं. कोर्टात मात्र तारखेला आमच्याकडून कोणीच गेलं नाही. निकाल एकतर्फी लागला, मावशीने सामान बांधून ठेवलं, दोन वर्षांनी घराचा लिलाव झाला आणि थावोन नावाच्या गॅरेजवाल्याने ते घेतलं. कोर्टाच्या यादीत मीही होतो: 'देव्हारा, सिमेंटचा, एक.' मावशी अजून तिथेच होती, पण माळ बंद झाली. माझ्यात मुंग्या राहायला आल्या. त्यांनी बोली लावलेली नव्हती.

घर नावावर चढायच्या आधी थावोनला मला हलवायचं होतं. देव्हारा असा उचलून टाकता येत नाही. विधी लागतो. त्यासाठी असे विधी करणारे बुनमाकाका आले. म्हणाले, "हलवायचं कारण देवाला मोठ्याने सांगायचं. खरं आणि पूर्ण. काही लपवलं तर दोष नव्या मालकाला."

थावोन दचकला. "काका, मी फक्त बोली लावली. कारण शेठना ठाऊक!"

शेठना बोलावलं. गल्लीतल्या बायकाही भाजी निवडायला नेमक्या त्याच अंगणात आल्या. शेठनी हात जोडले. "कर्ज फिटलं नाही, म्हणून..."

"किती दिलं होतंत?" काकांनी विचारलं.

"ऐंशी हजार बाट."

"आणि परत किती आले?"

शेठ माझ्याकडे बघत राहिले. कोर्टात त्यांच्या वकिलाने हा आकडा सांगितला नव्हता, आणि विचारायला समोर कोणी नव्हतंही.

"शेठ, पूर्ण सांगा हं," थावोन कळवळला. "गॅरेज मला चालवायचंय!"

"एक लाख दहा हजार," शेठ हळूच म्हणाले. "राहिलंय ते व्याज."

"मोठ्याने, शेठ!" एक बाई ओरडली. "देव म्हातारा झालाय, ऐकू येत नाही!"

मावशी हसली नाही. ती पुढे झाली. "शेठ, मी पैसे बुडवणार नाही. पण या घरातून मला काढू नका. जायला दुसरी जागा नाही मला."

शेठनी जोडलेले हात सोडले. मग शेठ म्हणाले, "तीस हजार दे. हप्त्याने. मिटवून टाकू."

"लिलावात भरलेली माझी अनामत परत मिळाली की मी सुटलो," थावोन म्हणाला. "असलं घर फुकट दिलं तरी नको."

तिघं कोर्टात गेले. या वेळी मावशीही गेली, नवऱ्याने त्यांच्या लग्नात घातलेल्या चपला घालून. तडजोड लिहून झाली, न्यायाधीशांनी लिलाव रद्द केला. लिलावाचा खर्च शेठनी सोसला. हे मात्र ते मोठ्याने बोलले नाहीत.

लोक म्हणतात, देवानेच घर वाचवलं. मित्रांनो, माझा रंग उडालाय, दोन हात चुना लावलात तर बरं वाटेल, म्हणून ही स्तुती नाकारणं जड जातं. पण मी काही केलं नाही. मी उभा होतो. माझ्यासमोर माणसं एकदाची खरं बोलली, एवढंच. तेच मावशी पहिल्या तारखेला कोर्टात जाऊन बोलली असती, तर दोन वर्षं तिने बांधलेल्या सामानावर डोकं टेकून काढली नसती.

माझ्यापुढे फुलं जरूर ठेवा. पण ज्या कागदाला उत्तर द्यायचं असतं, तो माझ्यापुढे ठेवू नका. मला फक्त ऐकता येतं.