काजळीचा गाल

मावशीने भिंगरीला खुर्च्यांच्या रांगेत आधी पुढे सरकवलं, मग परत बोलावलं, मग दोघींच्या जागा बदलल्या आणि शेवटी तिला आपल्या उजव्या हाताला बसवलं. आता भिंगरीचा डावा गाल फक्त मावशीला दिसणार होता.

"अगं, एकदा काय ते ठरव," मागच्या रांगेतून रंगवाली म्हणाली. कार्टून स्टुडिओत तिचं आणि मावशीचं टेबल शेजारी शेजारी होतं. "संगीतखुर्ची खेळतेयस का?"

"हिला खांब आड येत होता."

थिएटरात एकही खांब नव्हता. रंगवालीने इकडेतिकडे पाहिलं, मग तिची नजर भिंगरीच्या गालावर गेली, आणि ती घाईघाईने पॉपकॉर्नच्या पुड्यात काहीतरी शोधू लागली.

आजचा खेळ स्टुडिओतल्या लोकांसाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी होता. तो टाळण्यासाठी मावशीने काय काय करून पाहिलं होतं. आवाज फार मोठा असतो, खुर्च्या चांगल्या नाहीत, आणि शेवटचा उपाय म्हणून, तिकिटं संपली. त्यावर ताई, म्हणजे भिंगरीची आई, फोनवर फणकारली होती.

"स्वतःच्या सिनेमाची तिकिटं संपली? सरळ सांग ना, लाज वाटते आमची."

या 'आमची'पुढे मावशीचं काही चाललं नाही. आज थिएटरच्या दारात तिने धीर करून अर्धंमुर्धं सांगून टाकलं होतं. धाकटी अंधारात रडते म्हणून ताई तिला घेऊन बाहेरच थांबणार होती.

"ताई, त्यात एक दुष्ट बाई आहे. तिच्या गालावर जरा... डाग आहे."

ताईचा हात धाकटीच्या टोपीच्या बंदावर थांबला.

"पण शेवटी ती चांगली होते," मावशी घाईने म्हणाली. "डाग जातो."

"जातो ना? मग झालं," ताई म्हणाली. बंद मात्र तिला बांधता येईना.

त्या दुष्ट बाईचं नाव काजळी. ती गावोगावचे दिवे चोरायची. तिचा झगा एकाने काढला होता, केस दुसऱ्याने, आणि गालावरचा डाग मावशीने, कारण बारीक रेघ तिच्याइतकी कुणाला जमत नसे. स्टुडिओत तिला डागवालीच म्हणत. पहिल्या बैठकीत दिग्दर्शक म्हणाले होते, "पडद्यावर आल्या आल्या पोरांना कळलं पाहिजे, ही वाईट. त्यांना विचार करायला लावू नका." मग नाकावर चामखीळ द्यायची की गालावर डाग, एवढीच काय ती चर्चा झाली. डाग कशाने पडला हे कुणी विचारलं नाही. मावशीनेही नाही.

काम निम्म्यावर आलं असताना भिंगरीच्या अंगावर उकळत्या पाण्याचं पातेलं पडलं.

दवाखान्यातून मावशी परत कामावर आली, तेव्हा तिचाच जुना डाग तिला खोटा वाटू लागला, गालावर सुरवंट चिकटवल्यासारखा. तिने ठरवून काही केलं नाही. हातच आपला आपण वेगळं काढू लागला. कातडी कुठे चकाकते, कडेला कशी गोळा होते, हसताना ओठाचा कोपरा कसा किंचित वर ओढला जातो. दिग्दर्शक मागे येऊन उभे राहिले. "आत्ता जिवंत झाला! आधीचेही सगळे असेच करून टाक." तिने करून टाकले. घरी कुणाला हे माहीत नव्हतं. रात्री कूस बदलताना ते फक्त तिला माहीत असायचं.

आणि भिंगरी? शाळेत कुणी गालाबद्दल विचारलं तर ती दर वेळी नवं काहीतरी ठोकून द्यायची. वाघाने चाटलं. इस्त्री चावली. चंद्रावर होते, तोल गेला. आज एवढ्या मोठ्या पडद्यावर, एवढ्या मोठ्या आवाजात, तिला कुणीतरी कारण सांगणार होतं. तू वाईट आहेस म्हणून.

दिवे गेले.

काजळी आली ती पाठमोरीच आली. लांबलचक झगा, वाऱ्यावर उडणारे केस, एकेक विझत जाणारी खिडकी. मग ती वळली. सगळ्या थिएटरातल्या पोरांनी एकदम श्वास आत घेतला. दिग्दर्शकांना हवा होता तो हाच आवाज. मावशी पडद्याकडे बघतच नव्हती. पडद्याचा निळा उजेड भिंगरीच्या गालावर पडला होता, आणि एक तो गाल आणि एक वर पडद्यावरचा घराएवढा गाल, दोन्ही एकाच वेळी हलत होते.

पुढच्या रांगेतला एक पोरगा खुर्चीवर गुडघे टेकून मागे वळला. त्याने भिंगरीला पाहिलं. मग पडद्याकडे. मग परत भिंगरीला.

"आई, ही बघ!"

"शू! नीट बस," त्याची आई म्हणाली, आणि नीट बसवता बसवता स्वतःही बघून घेतलं.

मावशीने भिंगरीचा हात पकडला. तो गार होता. उठावं, हिला उचलावं, पोट दुखतंय म्हणावं, काहीही म्हणावं. दार कुठल्या बाजूला आहे तेच तिला आठवेना.

"मावशी," भिंगरी कुजबुजली.

"काय गं? जायचं का बाहेर?"

"ती माझ्यासारखी हसते."

मावशीने तिचा हात आणखी घट्ट धरला.

"आणि तिचा झगा सगळ्यात भारी आहे," भिंगरी म्हणाली. तिने आपला हात सोडवून घेतला आणि पॉपकॉर्नचा पुडा मांडीवर ओढला. "ती दिव्यावाली मुलगी किती रडते! बावळट."

त्यानंतर काजळी पडद्यावर आली की भिंगरी पुढे सरकून बसू लागली. काजळी जिंकली की तिचे पाय खुर्चीखाली आपटायचे. मावशीला हसावं की रडावं कळेना. तिने मनाशी एकच धरून ठेवलं, शेवटापर्यंत पोचलो की सुटलो. शेवटी ती चांगली होते.

शेवट आला. दिव्यावाली मुलगी आपला एवढासा दिवा काजळीसमोर ठेवते. काजळी तो विझवायला वाकते, आणि विझवत नाही. तिच्या डोळ्यांतून पाणी येतं. तिने चोरलेले सगळे दिवे झग्यातून पाखरांसारखे उडतात, आणि त्यांचा उजेड तिच्या चेहऱ्यावरून फिरतो. तो जिथून जिथून जातो तिथून डाग नाहीसा होतो. खाली राहतो गुळगुळीत, गुलाबी गाल. 'मन उजळलं की चेहरा उजळतो' हे वाक्य बैठकीत सगळ्यांना फार आवडलं होतं. कुटुंबाने मिळून पाहावा असा सिनेमा, त्यात संस्कार नकोत का?

टाळ्या पडल्या. मागे रंगवाली नाक पुसत होती. भिंगरीने टाळ्या वाजवल्या नाहीत, पण तिच्या हातात पुडा होता.

"कसा वाटला?" मावशीने विचारलं.

"छान," भिंगरी म्हणाली.

बाहेर ताईने लेकीचा चेहरा वाचून पाहिला. "घाबरली नाहीस ना?"

"नाही. दे, धाकटीची पिशवी मी धरते."

ताईने भुवया उंचावून बहिणीकडे पाहिलं. मावशी हसली. खूप दिवसांनी तिला भूक लागली होती.

त्याच आठवड्यात एका दुपारी मावशी काम करत असताना ताईचा फोन आला. आवाजात हसू मावत नव्हतं.

"तू काय दाखवून आणलंस गं हिला? अंथरुणाची घडी घालते, ताट उचलते. काल तर सगळ्यांचे बूट पुसून ठेवले. आपले बाबा, हिचे बाबा, सगळ्यांना फोन करून सांगितलं मी, आमच्या घरात चमत्कार झालाय."

"चांगलंय की," मावशी म्हणाली. दुसऱ्या हाताने ती एका सशाचे कान काढत होती.

"धाकटीला स्वतःची बाहुली दिली. हात लावला तर चावायची, ती बाहुली! तुमच्या साहेबांना सांग, असेच सिनेमे काढा म्हणावं. फक्त बाथरूम अडवून ठेवते मेली. एक काम केलं की पळाली आत. दुसरं केलं की पळाली आत. स्टूल घेऊन चढते आणि आरशात बघत बसते. आत्तापासून नटायला—"

सशाचा कान कागदभर लांब गेला.

"ताई, ती आत्ता कुठे आहे?"

"आतच असेल. का गं?"

पोटात दुखतंय एवढंच रंगवालीला सांगून मावशी निघाली. बसमध्ये बसायला जागा होती, तरी ती दारापाशी दांडा धरून उभी राहिली. प्रत्येक थांब्यावर लोक चढायला इतका वेळ का लावतात हे तिला समजेना.

"आज कशी वाट चुकलीस?" ताईने दार उघडलं. तिच्या मांडीला बिलगून धाकटी उभी होती, काखेत बाहुली दाबून. "अगं, तुझा चेहरा का असा?"

मावशी थेट बाथरूमशी गेली. भिंगरी स्टुलावर उभी होती, बेसिनवर पोट टेकून. दिव्याचा उजेड डाव्या गालावर नीट पडावा म्हणून तिने मान तिरकी केली होती. मावशीने आत येऊन दार लोटलं.

"हळू," भिंगरी म्हणाली. "मी बघतेय."

"काय बघतेस?"

"इथून थोडा कमी झालाय का?" तिने बोट ठेवलं. "हनुवटीजवळ. नीट बघून सांग."

मावशीने नीट बघितलं. त्या डागाची कड न् कड तिला पाठ होती.

"नाही," ती म्हणाली.

भिंगरीने मान हलवली, जणू तिलाही तसंच वाटलं होतं. "बूट पुसले. बाहुली दिली, कायमची. शाळेत एकदाही खोटं बोलले नाही. कुणी विचारलं तर सांगते, भाजलं." तिने गालावरचं बोट काढलं. "मावशी, काजळीने तर सगळ्या जगाचे दिवे चोरले होते. तरी तिचा एकदम गेला. मग मी काय केलं असेल?"

मावशीने बेसिनची कड धरली. दाराबाहेर ताई धाकटीला काहीतरी समजावत होती. ओठावर आलेलं उत्तर सोपं होतं: जाईल हं, हळूहळू जाईल.

"काजळीचा आपोआप नाही गेला," ती म्हणाली. "मी पुसला."

"तू?"

"मी काढला होता, मीच पुसला. साहेब म्हणाले इथे पुस, मी पुसला. ती चांगली झाली म्हणून नाही. तिने अजून चार गावं लुटली असती आणि साहेब म्हणाले असते पुस, तरी मी पुसला असता."

भिंगरीने आरशातूनच तिच्याकडे पाहिलं. "म्हणून ती माझ्यासारखी हसत होती?"

"हो."

"माझं बघून काढलंस?"

"हो."

"विचारायचं तरी!"

"चुकलं माझं."

भिंगरी स्टुलावरच वळली. आता दोघींचे चेहरे समोरासमोर होते. तिने डोळे मिटले आणि डावा गाल पुढे केला.

"मग माझाही पुस."

गाल तिथेच होता, हातभर अंतरावर. मावशीचा हात वर गेला आणि अर्ध्यातच थांबला.

"तुझा नाही पुसता येत, भिंगरे. तो मी काढलेला नाही. तो गरम पाण्याने झालाय."

"डॉक्टरांना?"

"त्यांनी केलं तेवढं केलं. तो राहील."

"मी चांगली वागले तरी?"

"तरी."

भिंगरीने डोळे उघडले. तिची हनुवटी थरथरत होती. आता रडेल, मावशीला वाटलं, आणि आता हिला रडू द्यायचं, मध्ये बोलायचं नाही. पण भिंगरी रडली नाही. ती कसलातरी हिशोब करत होती.

"आणि वाईट वागले तरी?"

"तरी. तेवढाच राहील."

"वाढणार नाही?"

"एवढासुद्धा नाही."

भिंगरी स्टुलावरून खाली उतरली. मावशीच्या बाजूने, तिला अजिबात न शिवता, दार ढकलून बाहेर गेली. ती आता आपल्याशी बोलेल की नाही, कधी बोलेल, मावशीला काहीच कळेना. आरशात तिला फक्त स्वतःचा चेहरा दिसत होता, आणि तो तिला बघवेना.

मग बाहेरून धाकटीची किंकाळी आली.

"भिंगरे!" ताई ओरडली. "दिलेली बाहुली परत घेतात का? सोड! सोड तिचे केस! अगं ए, ऐकलंस का? संपले तुझ्या सिनेमाचे संस्कार!"

मावशी स्टुलावर बसली. बाहेर भोकाड आणखी मोठं झालं, काहीतरी आपटलं, आणि अजून थोडा वेळ तरी कुणी ते थांबवू नये असं तिला वाटत राहिलं.