ब्रेकचा दिवस

जगदाळे साहेबांचा निरोप समारंभ वसतिगृहातच ठेवला होता, म्हणजे स्वयंपाक आपसूकच चंद्राबाईच्या गळ्यात. बाई रश्श्याला फोडणी घालत होती, पण तिच्या डोक्यात नुसता जाळ झाला होता. ह्याच माणसाने गेल्या आठवड्यात तिच्या अर्जावर शेरा मारला होता : हंगामी सेवेत खंड असल्याने ती धरता येत नाही.

झालं! विट्याजवळच्या त्या सरकारी वसतिगृहात पोरींना भाकरी घालता घालता हाडं झिजली, आणि सुरुवातीची हंगामी वर्षं साहेबानं एका ओळीत पुसून टाकली. ती धरली तर वरची वेतनश्रेणी, आणि पेन्शनही त्यावरच. नाहीतर येत्या मे महिन्यात निवृत्त होऊन हात हलवत घरी.

आणि खंड तरी कसला? हंगामी माणसानं कायमपणावर हक्क सांगू नये म्हणून दर काही महिन्यांनी त्याला एक दिवस कागदावर काढून टाकायचं, दुसऱ्या दिवशी परत घ्यायचं. त्याला म्हणतात ब्रेक. पण ब्रेकच्या दिवशी चंद्राबाई घरी बसली असेल तर शपथ! पहाटे वसतिगृहाच्या भाकरी थापायच्या, आणि मग तेव्हाचा अधीक्षक, म्हणजे हाच जगदाळे, त्याच्या घरी धुणं, दळण, पापड. नाही म्हटलं तर दुसऱ्या दिवशी परत कोण घेणार होतं?

समारंभाला सांगलीहून मोठ्या मॅडम आल्या होत्या. अर्जावर शेवटची सही त्यांचीच. साहेब बोलायला उभे राहिले आणि रंगात आले.

"आमच्या चंद्राबाई! हंगामी होत्या तेव्हासुद्धा एक दिवस खाडा नाही. पोरी कधी उपाशी राहिल्या नाहीत."

टाळ्या पडल्या. चंद्राबाई पळी घेऊन दारातच उभी होती. तिला राहवलं नाही.

"मग खंड कवा पडला वं, साहेब?"

साहेब हसले. "मावशी, हे भाषण आहे. ऑफिसचं ऑफिसात."

"आवं मॅडम, ब्रेकच्या दिवशीबी राबलेय मी! ह्या साहेबांच्या वैनींनाच इचारा. वैनी, देवाशपथ सांगा."

पुढच्या खुर्चीवर बसलेल्या वहिनी, म्हणजे साहेबांच्या पत्नी, कौतुकानं म्हणाल्या, "हो, यायची की. ब्रेकच्या दिवशी पार अंधार पडेपर्यंत आमच्याकडंच. अगदी घरच्यासारखी!"

मॅडमनी चष्मा काढला. "म्हणजे त्या दिवशी तुम्ही खासगी घरी होता. वसतिगृहात नव्हता."

"आधी पोरींच्या भाकरी करूनच जायची मी! साहेब, सांगा की!"

साहेब गळ्यातला हार नीट करत म्हणाले, "मला काही आठवत नाही."

मेल्याला दोन मिनिटांपूर्वी सगळं आठवत होतं!

"मग शेरा बरोबरच आहे," मॅडम म्हणाल्या, आणि पुढच्याचं भाषण सुरू झालं.

चंद्राबाई स्वयंपाकघरात आली. आपल्याच तोंडानं आपण साक्षीदार उभा केला, आणि त्याच साक्षीनं आपला गळा कापला. तिनं गॅस बंद केला. रस्सा अर्धाकच्चा होता, भाकरी एकही झाली नव्हती.

भाषणं संपली तशा वहिनी डोकावल्या. "चंद्राबाई, पाहुणे पंगतीला बसलेत. वाढायचं ना?"

चंद्राबाईनं पिशवी काखेत मारली.

"आज माझा ब्रेक हाय, वैनी," ती म्हणाली. "पीठ परातीत हाय. थापा तुमी, आपुन काय, घरच्यासारख्याच!"