मका झाकायला नेलेला फ्लेक्स

कारभारी आण्णांनी बांधाचा दावा अकरा वर्षं लढवला. बांध काही मिळाला नाही, पण अक्कल भरपूर मिळाली. फोनवर वाकडं बोलायचं नाही, कागदावर तर मुळीच नाही. म्हणून लेकीनं, राजनंदिनीनं, बौद्ध घरातल्या सम्यकशी रजिस्ट्रारच्या कचेरीत जाऊन लग्न केलं, तेव्हा सिल्लोडहून आण्णांचा फोन आला तो अगदी गोड. "ये की घरी. सगळे वाट बघत्यात." त्या 'सगळे'नं तिची झोप उडाली. कारण चुलत्यांच्या जीपा हर्सूलला, सम्यकच्या गल्लीत, तीनदा फिरून गेल्या होत्या.

खंडपीठात पोलीस संरक्षण मागायचं ठरलं. अमृता वकीलबाईंनी बोटं मोजली. "लग्नाचा दाखला आहे, पोलीस ठाण्यातल्या तक्रारीची पोच आहे. पण भीती खरी आहे, हे कशावरून? मेसेज, रेकॉर्डिंग, काहीतरी?"

"आमचे आण्णा पुरावा सोडत नसतात," राजनंदिनी म्हणाली. एवढ्या संकटातही आवाजात थोडा अभिमान होताच. शेवटी लेक त्यांचीच.

पण अकरा वर्षांची अक्कल फ्लेक्सपुढं टिकली नाही. दुसऱ्या दिवशी राजनंदिनीची आई, द्वारकाबाई, काखेत भली मोठी गुंडाळी घेऊन बसमधून उतरली. "चौकातून काढला. मका झाकायला नेते म्हणलं. कुणी नाय इचारलं."

वकीलबाईंच्या टेबलावर तो मावेना, जमिनीवर पसरला. 'कै. राजनंदिनी यांना भावपूर्ण श्रद्धांजली.' दहावीतला फोटो, निधनाची तारीख म्हणजे लग्नाची तारीख. खाली 'शोकाकुल' म्हणून गॉगल घातलेले बारा जण, नाव-गाव-मोबाइल नंबरासकट. आपला फोटो नसेल तर फ्लेक्स लावायचा कशाला?

वकीलबाईंना हसू आवरेना. "जिवंत मुलीचं सुतक! आणि भीती कुणाची म्हणाल तर यादीसुद्धा त्यांनीच छापून दिली."

राजनंदिनी हसली नाही. ती यादीत आईचं नाव शोधत होती.

"नाय सापडायचं," द्वारकाबाई म्हणाली. कोपऱ्यात फोटोचा एक गोल रिकामाच होता. "तिथं मला बसवणार व्हते. म्या म्हणलं, माझी लेक जिती हाये, मी कशाला रडू?"

"मावशी, हे शपथेवर लिहून द्याल?" वकीलबाईंनी विचारलं. "मग अर्जात तुमच्यासाठीही संरक्षण मागू."

"लिहा. पण मला कशाला पोलीस? त्या बाराजणांचा सैपाक मीच करते," म्हणत तिनं सही केली. मग मिळेल त्या बसनं ती सिल्लोडला परत गेली.

चौथ्या दिवशी कोर्टाचा आदेश झाला. हर्सूलच्या दारात बंदूकवाला शिपाई येऊन उभा राहिला. सम्यकच्या घरच्यांनी त्याला चहा दिला, खुर्ची दिली.

राजनंदिनीनं त्याला एकच विचारलं, "दादा, सिल्लोडला कोण गेलंय?"