आईला फणस आवडत नाही

मनवाने, माझ्या मुलीने, माझ्यावर माहितीपट केला. चित्रं काढणारी मुलगी ती; घरातले जुने फोटो, माझी अक्षतांची डबी, समईची काजळी, सगळं त्यात घेतलं. प्रश्न मात्र एकही विचारला नाही. म्हणायची, "माणूस सांगतो ते सगळेच दाखवतात, आई. तो काय टाळतो ते मला बघायचंय."

शनिवारी दादरला तो लोकांना दाखवायचा होता. गुरुवारी माझी पोथी आटोपल्यावर तिने लॅपटॉप पुढ्यात ठेवला.

त्यात आमची चिंचपोकळीची खोली. गावाहून आलेला फणस मी हाताला तेल लावून विळीवर चिरतेय. गरे सगळ्यांना वाटले आणि खिडकीपाशी जाऊन उभी राहिले. त्यावर मनवाचा आवाज : "माझ्या आईला फणस आवडत नाही. वाससुद्धा सोसत नाही तिला."

मी म्हटलं, "तेवढं काढ गं."

"का? खोटं आहे?"

खोटं बोलवत नव्हतं आणि खरं सांगता येत नव्हतं. चार वर्षांची मनवा तापाने अकरा दिवस परळच्या इस्पितळात निपचित पडली होती. तेव्हा देवीपुढे मी फणस सोडला, जन्मभरासाठी. माझी आई सांगायची, सोडलेलं बोलून दाखवलं की त्याचं फळ जातं. आणि फळ तर समोरच बसलं होतं, चष्मा डोक्यावर चढवून.

"आई, परवा शो आहे. कारण तरी सांग."

"दिवा लावायची वेळ झाली," म्हणत मी उठले.

परत आले तर फोटोंचा डबा तिने उपडा केला होता. हातात दोन फोटो. एकात मी माहेरच्या ओटीवर, मांडीवर मनवा, बरक्या फणसाचा रस माझ्या हनुवटीवर. दुसरा पुढच्या मे महिन्यातला. ओटी तीच, फणस मधोमध, सगळे खातायत आणि मी लांब खांबाला टेकून.

"या दोन फोटोंच्या मधे मी आजारी होते ना?" तिने हळूच विचारलं.

मी निरांजनाकडे बघत राहिले.

"नको सांगूस," ती म्हणाली. "आणि म्हणे मी बघते! तीस वर्षं तुझ्यासमोर बसून गरे चापले."

"चापायचेच होते. त्यासाठीच तर मी..."

"आई, गप्प!" ती केवढ्याने ओरडली. मग आम्हा दोघींना हसू आवरेना. डोळे पुसत हसत होतो.

शनिवारी शेजारची मालन माझ्याबरोबर होती. पडद्यावर फणस आला, गरे वाटून झाले, मी खिडकीपाशी गेले. मनवाचं ते वाक्य आलंच नाही. नुसती ताटल्यांची खळखळ, आणि माझी पाठ, कितीतरी वेळ.

मालनने कोपराने ढोसलं. "गो सुचित्रा, मनवाचो आवाज गेलो काय? चेडवाक सांग तुझ्या."

"गेला नाही," मी म्हटलं. "तू बघ."

पुढच्या रांगेतून मनवा मागे वळून माझ्याकडेच बघत होती.